ॲस्पेन: आगीतून उठणारं, मायेत अडकलेलं झाड

ज्यांना ऐकण्यापेक्षा वाचणं सोयीचं पडतं, त्यांच्यासाठी या आठवड्याच्या भागाचा हा मजकूर. बोलतानाची काही वाक्यं लिहिताना सरळ केली आहेत, बाकी गोष्ट तीच.

सुरुवात मुंबईपासून करू. तारीख २६ जून १८९३. त्या दिवसापर्यंत कुणीही चांदी घेऊन मुंबईच्या किंवा कलकत्त्याच्या टांकसाळीत जायचं, ठरलेलं शुल्क भरायचं आणि त्या चांदीचे रुपये पाडून घ्यायचे, अशी सोय होती. २६ जूनला ब्रिटिश सरकारने कायदा करून ती बंद केली. म्हणजे बघा, जगातलं चांदीचं एक भलंमोठं गिऱ्हाईक एका दिवसात बाजारातून उठलं. भाव धाडकन कोसळला आणि काही दिवसांतच तिकडे अमेरिकेत, कोलोरॅडोच्या डोंगरांत, चांदीच्या खाणी बंद पडायला लागल्या. नोव्हेंबरमध्ये अमेरिकन सरकारनेही चांदी खरेदीचा स्वतःचा कायदा रद्द केला. उरलीसुरली आशाही संपली.

त्या खाणींच्या गावांपैकी एकाचं नाव होतं ॲस्पेन. आज हे नाव ऐकलं की स्कीइंग, सिनेतारे आणि कोट्यवधींचे बंगले आठवतात. पण हे गाव उभं राहिलं चांदीवर. १८७९ मध्ये खाणवाले तिथे पोचले तेव्हा त्यांनी वस्तीला नाव दिलं होतं ‘यूट सिटी’, कारण तो डोंगर यूट लोकांचा होता. वर्षभरात नाव बदलून ‘ॲस्पेन’ झालं. आणि १८८१ मध्ये कोलोरॅडोतल्या बहुतेक यूट लोकांना त्यांच्या डोंगरांतून हुसकावून युटाकडे पाठवलं गेलं. लोक गेले आणि गावाला झाडाचं नाव राहिलं. हा भाग त्या झाडाबद्दल आहे.

मला या इतिहासात एक गोष्ट फार विचित्र वाटते. या झाडाने वणवे पचवले, खाणवाल्यांच्या कुऱ्हाडी पचवल्या. त्याला खरं जड गेलं ते नंतरचं शतक, ज्यात माणसाने जंगल ‘जपायला’ घेतलं. असं का झालं, ते कळायला आधी झाड समजून घ्यावं लागेल.

झाड नक्की कुठे असतं?

शास्त्रीय नाव पॉप्युलस ट्रेम्युलॉइडीस. रोजच्या बोलण्यात क्वेकिंग ॲस्पेन, म्हणजे थरथरणारं ॲस्पेन. झुळूक जेमतेम जाणवावी आणि सगळं झाड सळसळायला लागावं, अशी याची ख्याती. गुपित देठात आहे. याचा देठ पानाच्या पात्याला काटकोनात चपटा झालेला असतो, त्यामुळे पान एका जागी स्थिर राहूच शकत नाही. आपल्याकडे हा मान पिंपळाचा. पिंपळाचं एक जुनं संस्कृत नावच ‘चलदल’ आहे, हलत्या पानांचा. पण नात्याने पिंपळ याचा कुणी नाही. याच्या कुळातलं आपल्याकडचं झाड म्हणजे ओढ्याकाठी वाढणारा वाळुंज.

ॲस्पेनची साल पांढरट हिरवी आणि गुळगुळीत असते. तो हिरवा रंग नुसता दिसायला नाही. सालीखाली हरितद्रव्य असतं, त्यामुळे पानं गळून गेल्यावरही खोड उन्हातून थोडंफार अन्न बनवू शकतं. जिथे वर्षातले कित्येक महिने बर्फ असतो, तिथे एवढी कमाईसुद्धा मोलाची.

आता मुख्य मुद्दा. तुम्ही केळीची बाग पाहिली असेल. केळीचा खुंट घड देऊन संपतो, पण बुडाशी मुनवे फुटलेले असतात आणि बाग चालू राहते. ॲस्पेनचं साधारण तसंच, पण प्रचंड पसाऱ्यावर. याची मुळं वीतभर खोलीवरून आडवी दूरवर पसरतात आणि त्यांच्यावरच्या कळ्यांतून नवे फुटवे वर येतात. तो फुटवा पुढे आपल्याला ‘झाड’ दिसतो. डोंगरउतारावर दिसणारी शेकडो झाडं जमिनीखाली एकाच मुळाची असू शकतात, जनुकं अगदी एकसारखी. याला क्लोन म्हणतात.

शरद ऋतूत हे नुसत्या डोळ्यांनी दिसतं. एका क्लोनची सगळी खोडं एकाच सुमारास पिवळी होतात, शेजारच्या क्लोनची अजून हिरवी असतात, त्यापलीकडची नारिंगीकडे झुकलेली. सप्टेंबरच्या शेवटी कोलोरॅडोचा डोंगर गोधडीसारखा ठिगळाठिगळांचा दिसतो ना, त्यातलं एकेक ठिगळ बऱ्याचदा एकेक जीव असतो. तुमच्यापैकी कुणाच्या फोनवर तो मरून बेल्सचा वॉलपेपर असेल, मागे जांभळट शिखरं आणि पुढे सोनेरी झाडी, तर आत्ताच झूम करून रंगांच्या हद्दी शोधा.

मग हे मूळ फुटवे कधी काढतं? शेंड्याकडून मुळांकडे ऑक्सिन नावाचं संप्रेरक सतत उतरत असतं. खोड जोमात उभं आहे तोवर मुळावरच्या कळ्यांना एकच निरोप मिळत राहतो: थांबा. खोड जळलं, मोडलं किंवा तोडलं की निरोप तुटतो आणि कळ्या उठतात. मोठ्या वणव्यानंतर एका हेक्टरात हजारो फुटवे येतात. आपल्याला वाटतं झाड मेलं, आणि खाली मूळ कामाला लागलेलं असतं.

कुऱ्हाडीचा काळ

आता परत १८८० च्या दशकात या. खाणीला आधाराचे खांब लागतात, रुळांना स्लीपर लागतात, चुलींना आणि भट्ट्यांना लाकूड लागतं. १८८७ मध्ये ॲस्पेन गावात रेल्वे आली आणि ही भूक आणखी वाढली. कोलोरॅडोच्या खाणपट्ट्यात डोंगरचे डोंगर तोडले गेले. वणवेही लागले, काही आपोआप, काही माणसांमुळे. तेव्हाचे फोटो बघितले तर गावामागचे उतार बोडके दिसतात.

स्प्रूस आणि फरसारखी सूचिपर्णी झाडं तुटली की त्यांना बियांपासून नव्याने सुरुवात करावी लागते. ॲस्पेनचं मूळ मात्र आधीच जागेवर होतं, आणि डोक्यावरची सावली गेल्यामुळे ऊनही मिळालं. चांदी कोसळल्यावर माणसं पांगली. सुमारे १२,००० वस्तीचं ॲस्पेन गाव पुढच्या काही दशकांत हजाराच्याही खाली आलं. डोंगरावर मात्र फुटवे चढत गेले. आज पर्यटक ज्या सोनेरी झाडीसमोर उभं राहून रील बनवतात, त्यातली पुष्कळशी झाडी त्या वणव्यांनंतर आणि तोडीनंतर उठलेली पिढी आहे. त्या सौंदर्याला जाळपोळीचा आणि तोडीचा इतिहास आहे, हे फोटोत दिसत नाही.

याच काळातली एक नोंद झाडांनी स्वतःच्या अंगावर ठेवली. स्पेन आणि फ्रान्सच्या सीमेवरच्या बास्क प्रदेशातून तरुण पोरं अमेरिकेत मेंढपाळ म्हणून यायची. नेवाडा, कॅलिफोर्निया, आयडाहोच्या डोंगरांत उन्हाळाभर एकटी, सोबत मेंढ्या आणि कुत्री. भाषा येत नाही, बोलायला माणूस नाही. मग ते चाकूच्या टोकाने ॲस्पेनच्या सालीवर बारीक रेघ ओढायचे. स्वतःचं नाव, वर्ष, गाव, कधी बाईचं चित्र, कधी मालकाला शिवी. रेघ तेव्हा जेमतेम दिसायची. वर्षं जातील तशी झाड ती जखम भरून काढायचं आणि अक्षरं काळी, रुंद व्हायची. म्हणजे लिहिणाऱ्याला आपलं लिखाण नीट वाचायला पुन्हा त्या डोंगरावर यावं लागायचं.

होझे माल्येआ-ओलायचे या इतिहासकाराने अशी हजारो कोरीव अक्षरं नोंदवून ठेवली. ज्या मेंढपाळांचं नाव कुठल्याच कागदावर नव्हतं, त्यांचा इतिहास सालीवर सापडला. पण ॲस्पेनचं एक खोड साधारण १०० ते १५० वर्षं जगतं. मूळ राहतं, खोड पडतं, आणि त्याबरोबर अक्षरंही जातात. त्यामुळे हे काम घड्याळाशी शर्यत लावून करावं लागतं. (आणि हो, हे ऐकून चाकू काढू नका. जखमेतून बुरशी शिरते आणि खोड मरतं. आपल्या गडांवर बदाम कोरणाऱ्यांना जे सांगतो, तेच इथेही.)

मायेचा काळ

१९०५ मध्ये अमेरिकेची फॉरेस्ट सर्व्हिस स्थापन झाली. उद्देश चांगला होता, कारण बेसुमार तोड खरंच थांबवायला हवी होती. पण १९१० च्या ऑगस्टमध्ये आयडाहो आणि मोंटानात दोन दिवसांत सुमारे ३० लाख एकर जंगल जळलं, ८० हून जास्त माणसं गेली, त्यातली बहुतेक आग विझवायला गेलेली. त्या धक्क्यातून खात्याने एक धडा घेतला: आग म्हणजे शत्रू. १९३५ मध्ये नियमच झाला की कुठलीही आग दिसली की दुसऱ्या दिवशी सकाळी दहाच्या आत ती आटोक्यात आली पाहिजे. १९४४ मध्ये टोपी घातलेलं अस्वल, स्मोकी बेअर, पोस्टरवर आलं आणि शाळकरी पोरांच्या डोक्यातही तेच बसलं.

ॲस्पेनसाठी याचा अर्थ काय? आगीविना दशकं गेली की अनेक ठिकाणी ॲस्पेनच्याच सावलीत स्प्रूस आणि फर वाढतात. त्यांना सावली चालते, ॲस्पेनला ऊन लागतं. हळूहळू ती वरचढ होतात, ॲस्पेनची खोडं म्हातारी होऊन पडतात, आणि नवे फुटवे अंधारात गुदमरतात. सगळीकडे असंच होतं असं नाही. काही ठिकाणी ॲस्पेनचीच राई पिढ्यानपिढ्या टिकते. पण जिथे आग हाच नव्या पिढीचा दरवाजा होता, तिथे आपण तो लावून घेतला.

दुसरी माया हरणांवरची. लांडगा म्हणजे गुरांचा आणि शिकारीच्या प्राण्यांचा वैरी, म्हणून सरकारी पगारी माणसांनी लांडगे मारले. यलोस्टोन नॅशनल पार्कातले शेवटचे लांडगे १९२६ पर्यंत संपले. मग एल्क नावाची मोठी हरणं निर्धास्त झाली. ॲस्पेनचा कोवळा फुटवा त्यांना फार आवडतो. नंतर संशोधकांनी उत्तर यलोस्टोनमधल्या खोडांची वयं मोजली, तेव्हा १९२० च्या दशकानंतर मोठी झालेली खोडं अगदी तुरळक सापडली. फुटवे दरवर्षी येत होते, पण त्यांना उंच होऊ दिलं जात नव्हतं. आजोबा आहेत, नातवंडं रांगतायत, आणि मधली पिढीच गायब, असं जंगल.

बाहेरून मात्र काहीच कळत नाही. पन्नास वर्षं दरवर्षी तोच सोनेरी फोटो येतो. जंगल सुंदर दिसत राहतं आणि आतून म्हातारं होत जातं. मला या सगळ्या गोष्टीत हीच जागा सगळ्यात अस्वस्थ करते.

मग १९८८ आलं. यलोस्टोनमध्ये त्या उन्हाळ्यात जवळपास ८ लाख एकर पेटलं. टीव्हीवर पार्क संपलं अशा बातम्या होत्या. पण पुढच्या वर्षांत संशोधकांना जळलेल्या मातीत एक नवल दिसलं: ॲस्पेनची बियांपासून उगवलेली रोपं, तीही भरपूर, आणि आधी ॲस्पेन नव्हतं अशा जागीसुद्धा. तोवर असं मानलं जायचं की या कोरड्या पश्चिमेत ॲस्पेन बियांपासून जवळजवळ उगवतच नाही. बी धुळीच्या कणाएवढं, कापसासारख्या तंतूंवर उडणारं, थोड्याच आठवड्यांत निकामी होणारं. त्याला मोकळी, ओली माती लागते, आणि ती त्या आगीने दिली. १९९५ आणि १९९६ मध्ये कॅनडातून ३१ लांडगे आणून सोडले. पुढे काही भागांत फुटवे एल्कच्या तोंडाच्या वर पोचले. सगळं श्रेय लांडग्यांना द्यायचं का, यावर शास्त्रज्ञ आजही भांडतात. पण मधली पिढी काही ठिकाणी परत दिसायला लागली, एवढं खरं.

पांडो: एक झाड, ४७ हजार खोडं

आता युटा राज्यात, फिश लेक तलावाच्या काठी चला. उंची सुमारे २७०० मीटर. १९७६ मध्ये बर्टन बार्न्स आणि जेरी केम्परमन या दोघांनी पानांचा आकार, सालीचा रंग, असं सगळं बघून सांगितलं की इथली अख्खी राई एकच क्लोन आहे. १९९२ मध्ये मायकल ग्रँट आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी त्याला नाव दिलं ‘पांडो’. लॅटिनमध्ये अर्थ, ‘मी पसरतो’. पुढे जनुकीय तपासणीनेही एकच जीव असल्याचं पक्कं झालं. ४३ हेक्टर, म्हणजे जवळपास चार शिवाजी पार्क. सुमारे ४७,००० खोडं. वजन अंदाजे ६० लाख किलो. आणि हे एवढं सगळं एक नर झाड आहे.

वयाचं काय? रील्सवर ८०,००० वर्षं असा आकडा फिरतो. तो अंदाजाचं वरचं टोक आहे. खोडाच्या वलयांवरून खोडाचं वय कळतं, मुळाचं नाही, आणि मुळाचा जुना भाग तर कुजून गेलेला असतो. हजारो वर्षं, एवढं धरून चाला.

तर हा एवढा मोठा जीव आज अडचणीत आहे. पॉल रॉजर्स आणि डॅरेन मॅकअव्हॉय या संशोधकांनी ७२ वर्षांच्या काळातले हवाई फोटो शेजारी ठेवून बघितले आणि २०१८ मध्ये निष्कर्ष मांडला: राई विरळ होत चाललीय. म्हातारी खोडं पडतायत, आणि नवे फुटवे म्यूल डिअर जातीची हरणं आणि गुरं खाऊन टाकतायत. मधून डांबरी रस्ता जातो, आसपास कॅम्पिंगच्या जागा आहेत. माणसाच्या वर्दळीमुळे तिथे शिकारी नाहीत की शिकार नाही, आणि हरणांना हे चांगलं कळतं.

उपाय म्हणून २०१३ आणि २०१४ मध्ये काही भागाला कुंपण घातलं. जिथे कुंपण पक्कं होतं, तिथे फुटवे उभे राहिले. जिथे कच्चं होतं, तिथे हरणं आत शिरली आणि फुटवे संपले. म्हणजे मूळ अजून जिवंत आहे, तयारीतही आहे. त्याला हवीत फक्त काही वर्षं, ज्यात कुणी शेंडा खाणार नाही. पण ४३ हेक्टरला कायमचं कुंपण घालून ठेवलं तर ते जंगल राहील की प्राणिसंग्रहालय, हा प्रश्न उरतोच. खुद्द रॉजर्स यांचाही रोख असा आहे की हरणांची आणि गुरांची संख्या आटोक्यात आणणं हा खरा उपाय आहे.

लोकांचं प्रेम कमी नाही. २००६ मध्ये याच्यावर टपाल तिकीट निघालं. २०१४ मध्ये मन्रो गावच्या प्राथमिक शाळेतल्या मुलांनी पाठपुरावा केला आणि ब्लू स्प्रूसच्या जागी ॲस्पेन हे युटाचं राज्यवृक्ष झालं.

घरी लावायचं असेल तर

डेन्व्हर किंवा सॉल्ट लेक सिटीकडे राहणारे आपले काही श्रोते आहेत, त्यांच्यासाठी थोडं कामाचं. ॲस्पेन हे उंचावरच्या थंडीचं झाड. कोलोरॅडोत त्याची खरी जागा साधारण २००० ते ३२०० मीटर. डेन्व्हर १६०० मीटरवर आहे. तिथली उन्हाळ्यातली तापलेली माती त्याला सोसत नाही. सालीवर बुरशीचे चट्टे पडतात, खवले कीड लागते आणि बरीच झाडं वीसेक वर्षांत थकतात. उंचावर घर असेल तर जरूर लावा, पण:

मुळांवरची माती थंड आणि ओलसर ठेवा, वर पालापाचोळ्याचं आच्छादन द्या. बुडाजवळ खणू नका, मुळं उथळ असतात. सुरुवातीची वर्षं हरणांपासून जाळी हवीच. आणि लॉनमध्ये फुटवे आले म्हणून तणनाशक मारू नका, ते मुळातून मोठ्या खोडापर्यंत पोचतं. फुटवे ही ॲस्पेनची खोड नाही, तोच त्याचा जगण्याचा मार्ग आहे. एक देखणं खोड आणि भोवती गुळगुळीत हिरवळ हवी असेल, तर दुसरं झाड निवडा. ॲस्पेन घ्यायचं तर त्याची पोरंबाळं वाढायला जागा सोडा.

शेवटी एक ऐकायची गोष्ट, कारण आपण ऐकणारी माणसं. जेफ राइस नावाच्या ध्वनी-कलाकाराने पांडोमध्ये एका खोडाच्या पोकळीतून पाण्याखाली वापरायचा मायक्रोफोन खाली मुळांकडे सोडला. एरवी शांतता. पण वादळ आलं तेव्हा खालून एक खोल घुमणारा आवाज आला. वर लाखो पानं थरथरत होती, आणि ती थरथर फांद्यांतून, खोडांतून मातीत उतरत होती. ते रेकॉर्डिंग इंटरनेटवर आहे. हेडफोन लावून ऐका, फोनच्या स्पीकरवर तो खालचा सूर येत नाही.

आणि तुमच्या गावाजवळ असं एखादं जंगल, देवराई किंवा राई आहे का, जिथे मोठी झाडं आहेत पण मधल्या वयाचं एकही नाही? पुढच्या वेळी गेलात की वर बघण्याआधी गुडघ्याच्या उंचीवर काय वाढतंय ते बघा, आणि आम्हाला व्हॉइस नोट पाठवा. त्यावर एक वेगळा भाग करू.

भेटू पुढच्या आठवड्यात.